थेट प्रक्षेपणाची वर्गवारी आणि मुतालिकाचा अधिकार

(थेट प्रक्षेपणाची व्यवस्था पाहणाऱ्या कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



व्याख्यानमाला असो, कीर्तनमहोत्सव असो वा गणेशोत्सवातील बौद्धिक स्पर्धा असोत. सार्वजनिक कार्य आता सभागृहातील खुर्च्यांपुरते उरलेले नाही. कॅमेरा सुरू झाला की तेच कार्य क्षणार्धात सातासमुद्रापलीकडील मराठी घरात पोहोचते. या सोयीबरोबर संघटनेच्या शिरावर काही नवी कामेही आली. व्यासपीठ कोणी सजवायचे, पाहुण्यांचे स्वागत कोणी करायचे, आभार कोणी मानायचे, याची वाटणी आपल्याकडे वर्षानुवर्षे ठरलेली आहे. प्रक्षेपणाच्या वाहिनीवर कोणी काय करायचे, याची वाटणी मात्र बहुतेक ठिकाणी ठरलेली नसते. ज्याला संगणकातले कळते त्या एका तरुणाच्या हाती सारे सोपवून बाकीचे निश्चिंत होतात.

आजचा विषय त्या वाटणीतील एका लहानशा कलमाचा आहे. प्रक्षेपण चालू असताना त्याची वर्गवारी बदलायची झाली, तर चर्चेवर देखरेख करणाऱ्या नियंत्रकाला, ज्याला सर्वत्र मॉडरेटर म्हणतात, ती बदलता येते का, आणि येत असल्यास कोणत्या मार्गाने? कलम लहान असले तरी अधिकार, विश्वास आणि मर्यादा ही तिन्ही त्यात गुंतलेली आहेत.

प्रथम वर्गवारी म्हणजे काय ते पाहू. थेट प्रक्षेपणाच्या क्षेत्रात ट्विच हे अमेरिकेतील व्यासपीठ अग्रगण्य गणले जाते. २००७ साली सुरू झालेल्या जस्टिन टीव्ही या संकेतस्थळाची संगणकीय खेळांची शाखा म्हणून २०११ मध्ये त्याचा जन्म झाला. शाखा मूळ वृक्षाहून मोठी झाली. २०१४ मध्ये मूळ संकेतस्थळ बंद पडले आणि त्याच वर्षी अॅमेझॉनने सुमारे ९७ कोटी डॉलर मोजून ट्विच विकत घेतले. आरंभी तेथे वर्गवारी म्हणजे खेळाचे नाव, एवढाच अर्थ होता. पुढे लोक खेळ बाजूला ठेवून स्वयंपाक करू लागले, चित्रे काढू लागले, नुसत्या गप्पा मारू लागले. तेव्हा डिसेंबर २०१६ मध्ये प्रत्यक्ष जीवनातील प्रसंगांसाठी एक सामायिक वर्ग उघडण्यात आला आणि २०१८ मध्ये तो फोडून संगीत, कला, प्रवास, खाद्यपदार्थ असे अनेक वर्ग करण्यात आले. 'जस्ट चॅटिंग' हा गप्पांचा वर्ग त्यांपैकीच. खेळांसाठी उभ्या राहिलेल्या या बाजारपेठेत आज नुसत्या गप्पांचे दुकान सर्वांत गजबजलेल्या दुकानांत मोडते, ही मनुष्यस्वभावाची गंमतच म्हणायची.

प्रत्येक वर्गाला यंत्राच्या वहीत एक क्रमांक असतो. बुद्धिबळाचा ७४३, गप्पांचा ५०९६५८. पडद्यावर नाव दिसते, यंत्र क्रमांक ओळखते. म्हणूनच वर्गाचे नाव अदमासाने टंकलिखित केले तर कधी भलताच वर्ग निवडला जातो आणि दक्षिणेकडे निघालेला प्रवासी उत्तरेच्या गाडीत बसावा तशी गत होते.

आता प्रसंग असा कल्पावा. एक बुद्धिबळपटू आपले डाव थेट दाखवत आहे. हा काही दूरचा दृष्टांत नव्हे. २०२०च्या टाळेबंदीत बुद्धिबळाच्या थेट प्रक्षेपणाला जगभर भरती आली, अमेरिकेचा हिकारू नाकामुरा ट्विचवर घराघरात पोहोचला आणि आपल्या नाशिकचा ग्रँडमास्टर विदित गुजराथी यानेही यूट्यूबवरील अशा प्रक्षेपणांत भाग घेऊन हजारो तरुणांना पटाकडे वळवले. तर, डाव संपतो. खेळाडू पट आवरून प्रेक्षकांच्या प्रश्नांना उत्तरे देऊ लागतो. तासभर गप्पा चालतात. वर्ग मात्र बुद्धिबळाचाच राहिलेला असतो, कारण बोलण्याच्या ओघात त्याला ते सुचत नाही आणि सुचले तरी बोलणे थांबवून कळपाट्याकडे वळणे त्याला प्रशस्त वाटत नाही. चर्चेत मात्र नियंत्रक जागा असतो. चूक त्याला दिसते. ती दुरुस्त करण्याचा अधिकार त्याला आहे काय?

ही चूक किती गंभीर, असा प्रश्न येथे कोणी विचारील. वर्ग ही दुकानावरची पाटी आहे. बुद्धिबळ पाहण्यासाठी आलेला प्रेक्षक पाटी वाचून आत शिरतो आणि आत त्याला राजकारणावरील गप्पा ऐकू येतात. तो निघून जातो, आणि पुन्हा त्या दाराशी येत नाही. प्रक्षेपण संपल्यावर जी मुद्रित चित्रफीत मागे राहते, तिच्यावरही वर्ग बदलेल तेथे प्रकरणांच्या खुणा पडतात. वेळेवर बदल झाला नसेल तर कोणते प्रकरण कोठे सुरू झाले याचा पत्ता लागत नाही. याहून महत्त्वाची गोष्ट इशाऱ्यांची. जून २०२३ पासून ट्विचने आशयाच्या स्वरूपाविषयीचे इशारे आवश्यक केले. हिंसा, जुगार, मद्यपान इत्यादींचे इशारे वाहिनीने स्वतः लावायचे असतात, परंतु केवळ प्रौढांसाठी मानलेल्या खेळाचा वर्ग निवडला की तो विशिष्ट इशारा आपोआप लागतो. याचाच अर्थ, वर्ग चुकला तर लहान मुलाच्या आईवडिलांना मिळायचा इशाराही चुकतो. २०२४ मध्ये राजकारण आणि संवेदनशील सामाजिक प्रश्न यांसाठीही स्वतंत्र इशारा आला. राष्ट्रीय प्रश्नांवर बोलणाऱ्या प्रत्येक वाहिनीने त्याची दखल घेणे आवश्यक आहे.

चूक अनवधानाने होते तशी ती हेतुपुरस्सरही होते. एप्रिल २०२० मध्ये व्हॅलोरंट या खेळाची चाचणी आवृत्ती आली. तिचे प्रवेशपत्र मिळवण्याचा मार्ग एकच होता. ट्विचवर त्या खेळाच्या वर्गातील प्रक्षेपण पाहत राहायचे, नशीब असेल तर प्रवेश मिळायचा. एका दिवसात त्या एकाच वर्गात ३ कोटी ४० लाख तास पाहिले गेले आणि एका वेळी १७ लाख लोक तेथे जमले. एवढी गर्दी दिसताच काही वाहिन्यांनी आपल्या जुन्या चित्रफिती 'थेट' म्हणून अहोरात्र फिरवण्यास प्रारंभ केला. खेळणारा झोपलेला, प्रक्षेपण चालू आणि प्रेक्षक लाखांत! ट्विचला या प्रकारावर नियमाचा बडगा उगारावा लागला. खोटी पाटी लावून गिऱ्हाईक ओढणारा वाणी आणि हे प्रक्षेपक यांत फरक तो काय?

तेव्हा वर्ग वेळेवर आणि खरेपणाने बदलणे हे प्रेक्षकाशी असलेले सरळ कर्तव्य आहे. आता अधिकाराकडे वळू.

ट्विचवर वाहिनीचा धनी दोन वेगवेगळ्या भूमिका नेमू शकतो आणि गल्लत होते ती येथेच. पहिली नियंत्रकाची. त्याच्या नावापुढे हिरव्या चौकटीत तलवारीचे चिन्ह दिसते. त्याचे कार्यक्षेत्र चर्चा. अभद्र मजकूर पुसणे, उपद्रवी माणसाला काही काळ गप्प बसवणे, प्रसंगी हद्दपार करणे, संदेशांचा वेग कमी करणे, ही त्याची कामे. दुसरी भूमिका संपादकाची, जिला एडिटर म्हणतात. प्रक्षेपणाचे शीर्षक, वर्ग, खुणेचे शब्द ही माहिती बदलण्याचे काम ट्विचने पूर्वापार या भूमिकेकडे ठेवले आहे. द्वारपाल दारावर उभा राहून कोणाला आत घ्यायचे ते ठरवतो. दारावरची पाटी रंगवण्याचे काम दुसऱ्याचे. एकाच माणसाला दोन्ही कामे द्यायची असतील तर दोन्ही भूमिका द्याव्या लागतात, एक दिली म्हणजे दुसरी आपोआप मिळत नाही.

ही रचना पाहिली की मराठेशाहीच्या राज्यव्यवहाराची आठवण होते. अष्टप्रधानांपैकी पंडितराव आणि न्यायाधीश वगळता इतरांना मोहिमेवर जावे लागे. प्रधान मोहिमेवर असताना दरबारातील त्याचे काम अडून राहू नये म्हणून त्याचा मुतालिक ते पाही. मुतालिकाचा अधिकार स्वतःचा नव्हे. तो धन्याच्या नावाने आणि धन्याने आखून दिलेल्या मर्यादेत चाले. कागदाच्या शिरोभागी शिक्का आणि शेवटी मोर्तब, ही रीतही मर्यादेचीच खूण होती. मोर्तब पडले की त्याखाली कोणी एक अक्षर घुसडू शकत नसे. 'शिक्कामोर्तब' हा शब्द आज सहज बोलण्यात येतो, त्यामागील ही दक्षता मात्र विस्मरणात गेली. आणि मुतालिक डोईजड झाला तर काय होते, हेही इतिहासाने दाखवले आहे. प्रतिनिधींचे मुतालिक यमाजी शिवदेव यांनी १७५० मध्ये सांगोल्यास बंडाचे निशाण उभारले आणि ते मोडण्यासाठी सदाशिवरावभाऊंना फौजेनिशी जावे लागले.

गडांची व्यवस्था तर याहून बोलकी. गडावर हवालदार, सबनीस आणि सरनोबत असे स्वतंत्र अधिकारी नेमलेले असत. किल्ल्या एकाकडे, हिशेब दुसऱ्याकडे, शिबंदी तिसऱ्याकडे. एक फितूर झाला तरी गड जाऊ नये, ही त्यामागील दृष्टी. शिवछत्रपतींच्या या दृष्टीचा अभ्यास परदेशी संगणकतज्ज्ञांनी केला असेल असे म्हणण्याचे कारण नाही, परंतु प्रत्येकाला कामापुरताच अधिकार द्यावा हे तत्त्व आजच्या संगणकसुरक्षेचा पाया आहे, आणि ते या मातीला नवे नाही.

आता प्रत्यक्ष कृती. नियंत्रकाच्या हाती वर्ग बदलण्याची सोय द्यायची तर धन्यापुढे दोन सरळ मार्ग आहेत.

पहिला मार्ग त्याला संपादक नेमण्याचा. वाहिनीच्या नियंत्रण-फलकात समुदायाच्या विभागात भूमिकांची यादी असते. तेथे त्याचे सदस्यनाम शोधून संपादकाची भूमिका द्यायची. त्यानंतर तो स्वतःच्याच खात्यातून प्रवेश करून प्रक्षेपणाची माहिती उघडतो, वर्गाच्या चौकटीत नावाची पहिली काही अक्षरे लिहितो, खाली येणाऱ्या यादीतून योग्य नाव निवडतो आणि बदल जतन करतो. यादीतून निवडणे महत्त्वाचे. क्रमांकाची गफलत त्यानेच टळते. संपादकाला वाहिनीच्या प्रक्षेपणाची गुप्त किल्ली दिसत नाही. ती किल्ली ज्याच्या हाती पडली तो त्या वाहिनीवरून हवे ते दाखवू शकतो, म्हणून हा भेद ध्यानी ठेवावा. मात्र संपादकाला जाहिराती लावणे, चित्रफिती हाताळणे अशी इतर कामेही करता येतात. ज्याला केवळ वर्गच बदलायचा आहे, त्याला हे माप थोडे मोठे होते.

म्हणून दुसरा मार्ग रूढ झाला, तो यंत्रसेवकाचा. नाइटबॉट, स्ट्रीमएलिमेंट्स अशा सेवा चर्चेत एक स्वयंचलित सदस्य आणून बसवतात. धनी त्या सेवेत स्वतः प्रवेश करून तिला आपल्या वाहिनीची माहिती बदलण्याची परवानगी एकदाच देतो. पुढे नियंत्रकाने चर्चेतच उद्गारचिन्ह आणि त्याला लागून रोमन लिपीत 'गेम' हा शब्द लिहून पुढे वर्गाचे नाव दिले की नाइटबॉट वर्ग बदलतो. शीर्षकासाठी तशाच रीतीने 'टायटल' हा शब्द. स्ट्रीमएलिमेंट्समध्ये हाच आदेश 'सेटगेम' असा आहे. आदेश कोणी द्यावा, सर्वांनी, नियंत्रकांनी की केवळ धन्याने, हे सेवेच्या फलकावर ठरवता येते. ते न तपासता यंत्रसेवक बसवणे म्हणजे गडाचा दिंडी दरवाजा मोकळा टाकणे.

येथे एक बारकावा समजून घेतला पाहिजे. ट्विचच्या यंत्रणेत वाहिनीची माहिती बदलण्याची आज्ञा स्वीकारली जाते ती वाहिनीच्या धन्याने दिलेल्या परवान्यावर. म्हणजे नियंत्रक आदेश लिहितो, यंत्रसेवक तो वाचतो, पण शिक्का उमटतो तो धन्याचाच. हा अगदी मुतालिकी व्यवहार झाला! आणि म्हणूनच झालेल्या बदलाची जबाबदारीही धन्यावरच येते. 'नियंत्रकाने केले' ही सबब प्रेक्षकापुढे चालत नाही.

धन्याने परवलीचा शब्द बदलला की असे परवाने बाद होतात. उत्सवाच्या आदल्या दिवशी कोणी सावध कार्यकर्ता शब्द बदलतो, आणि ऐन कार्यक्रमात यंत्रसेवक मुका होतो. दोष कोणाचाच नसतो, पण धावपळ सर्वांची होते. शब्द बदलला की परवाना पुन्हा द्यावा आणि एकदा चाचणी घ्यावी. उलट, परवाना काढून घ्यायचा असेल तर खात्याच्या जोडण्यांच्या विभागात जाऊन ती सेवा विलग करता येते.

तिसरा एक मार्ग सर्रास अवलंबला जातो आणि तो सर्वथा त्याज्य आहे. धनी आपला परवलीचा शब्दच नियंत्रकाला सांगतो. विश्वासातला मुलगा आहे, घरचाच आहे, असे म्हटले जाते. प्रश्न त्याच्या निष्ठेचा नाही. तोच शब्द त्याच्या भ्रमणध्वनीत राहतो, कोणाच्या तरी संदेशात राहतो, सायबर कॅफेच्या संगणकात राहतो. पुढे वर्ग कोणी बदलला, चित्रफीत कोणी पुसली, याचा माग लागत नाही, कारण नोंदीत नाव सर्वत्र धन्याचेच.

वाहिनी परक्याच्या हाती गेली तर काय होते, याचे उदाहरण देशाने पाहिले आहे. २० सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या यूट्यूब वाहिनीवर न्यायालयाच्या कामकाजाऐवजी एका अमेरिकी कंपनीच्या आभासी चलनाची जाहिरात झळकू लागली. ज्या वाहिनीवरून सप्टेंबर २०२२ पासून घटनापीठाची सुनावणी जनतेला दिसत होती, ती काही काळ बंद ठेवावी लागली. देशाच्या सर्वोच्च न्यायपीठाची ही गत, तर गावच्या व्याख्यानमालेने गाफील राहावे काय?

महाराष्ट्रातील बहुतेक संस्था यूट्यूबवरूनच प्रक्षेपण करतात, तेव्हा तेथील रीतही पाहू. चर्चेचा नियंत्रक तेथे वेगळा नेमला जातो आणि त्याची सत्ता चर्चेपुरतीच. वर्ग बदलायचा तर यूट्यूब स्टुडिओतील परवानग्यांच्या विभागात त्याला संपादक म्हणून निमंत्रण द्यावे लागते. व्यवस्थापक ही त्याहून वरची पायरी. व्यवस्थापक इतरांना अधिकार देऊ वा काढू शकतो, संपादक तसे करू शकत नाही. वर्गाच्या दुरुस्तीसाठी संपादक पुरे. बालसंस्कारवर्गांचे प्रक्षेपण करणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट ध्यानी घ्यावी. प्रक्षेपण 'मुलांसाठी' असे नोंदवले की तेथील थेट चर्चाच बंद होते. मग नियंत्रक नेमून ठेवलेला असतो आणि त्याला करण्यासारखे काही उरत नाही.

आता राहिला एक प्रश्न, जो कार्यकर्ते नेहमी विचारतात. कीर्तन कोणत्या वर्गात घालायचे? यूट्यूबच्या यादीत पंधरा वर्ग आहेत. वाहने आहेत, पाळीव प्राणी आहेत, विनोद आहे. धर्म वा अध्यात्म नावाचा वर्ग नाही. नारदीय कीर्तनातील पूर्वरंग हा निरूपणाचा, उत्तररंग आख्यानाचा, आणि दोन्हींत गायन. त्याला 'संगीत' म्हणावे तर निरूपणावर अन्याय, 'शिक्षण' म्हणावे तर अभंगावर. ज्यांच्या जीवनात अशी वस्तूच नाही त्यांनी केलेल्या कपाटात तिच्यासाठी कप्पा नसणार, याचे नवल वाटण्याचे कारण नाही आणि त्याबद्दल रडत बसण्याचेही नाही. व्यवहार असा ठेवावा: निरूपणप्रधान प्रक्षेपण शिक्षणात, निव्वळ भजन-गायन संगीतात, आणि शीर्षकात 'कीर्तन' हा शब्द देवनागरीत ठळक द्यावा, कारण शोधणारा वर्गापेक्षा शब्दानेच शोधतो. ट्विचवर खुणेचे दहा शब्दही देता येतात. भाषा मराठी असल्याची खूण त्यांत अवश्य असावी.

कार्यक्रमापूर्वीच्या बैठकीत वक्ता, निवेदक आणि नियंत्रक यांनी पाच मिनिटे एकत्र बसून बदल कोठे होणार हे ठरवून घ्यावे. व्याख्यान संपून प्रश्नोत्तरे सुरू होतील तेव्हा, गीत सुरू होईल तेव्हा, असे टप्पे कागदावर लिहून तो कागद नियंत्रकापुढे ठेवावा. बदल केल्यावर त्याने धन्याच्या पडद्यावर विसंबून न राहता दुसऱ्या भ्रमणध्वनीवर, सामान्य प्रेक्षक म्हणून, नवा वर्ग दिसतो की नाही ते पाहावे. आणि उत्सव आटोपला, मांडव उतरला, उसने आणलेले ध्वनिवर्धक परत गेले की त्याच दिवशी भूमिकांची यादी उघडावी. ज्याचे दायित्व त्या उत्सवापुरते होते त्याचे संपादकपद काढून घ्यावे आणि तसे त्याला कळवावे. पुढील वर्षी तो पुन्हा उभा राहील तेव्हा ते पुन्हा देण्यास अर्धे मिनिट लागते.